गेणूचं कडवं

गेणूदादांनी कॅसेट स्वतः विकत आणली होती. वरचा प्लास्टिकचा कागदसुद्धा फाडला नव्हता. मी म्हटलं, दादा, तुमच्यासाठी एक बाजूला ठेवलीय की, कशाला खर्च केलात. तर म्हणाले, सगळं मनमाड विकत घेतंय, मग मी काय घोडं मारलंय. त्यांच्या घरी टेप नव्हता. म्हणून रविवारी सकाळी अंघोळ करून, धुतलेला सदरा घालून, केसांना तेल लावून ते आमच्या खोलीवर ऐकायला आले होते. नात्यातल्या लग्नाला निघाल्यासारखे.

आतला रंगीत कागद त्यांनी हातात घेतला. त्यावर माझा फोटो होता, हिरव्या साडीतला, हातात माइक. फोटो बघून हसले, बरी दिसतीयेस म्हणाले. मग कागद उलटा केला, सुलटा केला आणि विचारलं, "ह्यात माझं नाव कुठं हाये?"

गेणूदादांना अक्षरओळख नव्हती. रेल्वेच्या लोको शेडमध्ये एकतीस वर्षं खलाशी, म्हणजे इंजिनांवरचा मजूर, म्हणून काढली, पगाराला अंगठा लावला. मी कागदावर बोट ठेवलं. खालच्या कोपऱ्यात बारीक अक्षरांत कंपनीचा पत्ता छापला होता, त्या पत्त्यावर. त्यांनी माझं बोट बाजूला करून तिथे आपलं बोट ठेवलं, काळं, नखात ग्रीस मुरलेलं. म्हणाले, "लई बारीक हाये. पन हाये."

माणूस एकदा खोटं बोलला की दुसऱ्यांदा सोपं जातं म्हणतात. मला तर पहिल्यांदाच सोपं गेलं.

सुदामनं टेप लावला. सुदाम म्हणजे माझा नवरा. आमच्या गायन पार्टीत पेटी तोच वाजवायचा आणि पार्टीचा सगळा कारभारही तोच बघायचा. पार्टीचं नाव 'वच्छला निकम आणि पार्टी'. तेव्हा मी एकतीस वर्षांची होते आणि नाशिकपासून औरंगाबादपर्यंत भीमजयंती असो, लग्न असो, वच्छलाबाईंची पार्टी बोलावली म्हणजे कार्यक्रम झालाच असं लोक म्हणायचे. मी काय उगाच नम्रपणा करणार नाही. गळा होता माझा.

पहिली दोन गाणी दादांनी मान हलवत ऐकली. तिसरं सुरू झालं तसे ते सरसावून बसले.

कोळसा वेची यार्डात, चूल पेटवी माझी आई,
साऱ्या घराला गं ऊब, तिच्या अंगाला शाल नाही.

हे गाणं दादांचं. त्यांची आई मनमाडच्या यार्डात इंजिनातून पडलेला अर्धवट जळका कोळसा वेचायची, त्यावर पाच पोरं वाढवली. गाण्यात पाच कडवी होती. पहिल्यात ती पहाटे पाटी घेऊन निघते, दुसऱ्यात यार्डातला शिपाई तिला हाकलतो, तिसऱ्यात पोरांना कोळशाच्या उबेला झोपवून ती स्वतः दारात बसते, चौथ्यात थंडीत खोकते आणि पोरगा म्हणतो, मोठा झालो की तुला शाल घेईन. टेपवर चौथं कडवं झालं. ढोलकीनं तीनदा ठेका घेतला, पेटी थांबली. थोडी खरखर झाली आणि मग नाचायचं चौथं गाणं सुरू झालं.

दादा तसेच बसून राहिले. त्यांना वाटलं, मध्ये काहीतरी घुसलंय, परत येईल. नाचाचं गाणं अर्ध्यावर गेलं तेव्हा त्यांनी माझ्याकडे बघितलं.

"फुडचं कुठं गेलं?"

मी म्हटलं, कंपनीनं कापलं, दादा. एका बाजूला अर्धाच तास बसतो, गाणं लांबत होतं. सुदाम उठला आणि चहा टाकायला गेला. एरवी त्याला चहाचं पातेलं कुठे असतं तेही माहीत नसायचं.

दादांनी हात वर करून टेप बंद करायला सांगितला. मग कागदावरचा माझा फोटो बघत बसले. त्यांचा आवाज चढला नाही, राग नाही, काही नाही. एवढंच म्हणाले, "मग ह्या गाण्यात माझी आई मेलीच नाय. अजून कोळसाच वेचतीया."

आता कडव्याचं महत्त्व काय, ते सांगते. आमच्या गायन पार्ट्यांत गाणं लिहिणारा माणूस स्टेजवर कधी दिसत नाही. तो कुठेतरी शेडमध्ये, मिलमध्ये, नाहीतर बिगारीला असतो. गाणं बांधून तो गायकाला देतो, बदल्यात चहा, विडीचं बंडल आणि कधी मन झालं तर एखादं धोतर. पण एक रिवाज पक्का. शेवटच्या कडव्यात त्याचं नाव. ते नाव गायलं गेलं की श्रोत्यांना कळतं, हे अमक्याचं गाणं. गायक कुणीही असो, गाव कुठलंही असो, नाव गाण्याबरोबर फिरतं. रेडिओवर ज्याला कुणी विचारत नाही, पेपरात ज्याचं नाव छापून येत नाही, त्याची तेवढीच एक सही. दादा त्याला गाठ म्हणायचे. गाठ मारल्याशिवाय गाणं द्यायचे नाहीत. मधलं एखादं कडवं राहिलं तरी चालेल, पण गाठ सोडू नको, असं मला दरवेळी बजावायचे.

आणि दादांची गाणी थोडीथोडकी नव्हती. दोनशेच्या वर तर माझ्या वहीत होती. सुट्टीच्या दिवशी ते आमच्या उंबऱ्याला टेकून बसायचे, मांडीवर थाप मारत ओळ म्हणायचे, मी लिहून घ्यायचे. मग मी वाचून दाखवायचे, ते डोळे मिटून ऐकायचे आणि एखादा शब्द तोंडात कडू लागल्यासारखा थुंकून टाकायचे. पुन्हा लिही. मी सातव्या इयत्तेत शाळा सोडलेली, पण माझं अक्षर मोत्यासारखं आहे असं त्यांना वाटायचं. न वाचता येणाऱ्या माणसाला सगळीच अक्षरं मोत्यासारखी दिसत असणार. चौदा वर्षं हे चाललं होतं. मी सतरा वर्षांची असताना, माझ्या वस्तीत कुणी मला गाणारी म्हणून ओळखत नव्हतं तेव्हा, पहिलं गाणं मला त्यांनीच दिलं. दुसऱ्या पार्टीवाल्यांनी कितीदा मागितलं, पण आईचं गाणं त्यांनी कुणाला दिलं नाही. हे वच्छीच म्हणेल, असं म्हणाले होते.

आणि त्याची गाठ अशी होती:

पगार झाला पहिला, पाय करिती घाई घाई,
गेणूनं आणली शाल, पांघरायला आई नाही.

जाताना ते चपला घालत म्हणाले, कंपनीचं राहू दे, कंपनी आपली नाही. स्टेज तर तुझंच आहे ना. स्टेजवर म्हण. मी म्हटलं, म्हणणार की दादा, पाचही कडवी म्हणणार. त्यांनी माझ्या डोक्यावर हात ठेवला. जयभीम म्हणाले आणि गेले.

म्हटलं नाही मी. आज म्हणू, उद्या म्हणू, करत राहिले. खरं सांगायचं तर त्या गाण्यानं मला उचलून कुठल्या कुठे नेलं. जीपगाड्यांत वाजायचं, हळदीला वाजायचं, मयताच्या दारातसुद्धा वाजायचं. बायका स्टेजपाशी येऊन माझे हात धरून रडायच्या, म्हणायच्या, बाई, तुमच्या आईनं लई सोसलं हो. माझी आई चांगली धडधाकट होती, मनमाडच्या बाजारात भाजी विकायची आणि दोन बायकांचं एकटी भांडायची. पण मी मान खाली घालायचे. सत्काराला शाल द्यायची रीतच आहे आपल्याकडे, त्यात हे गाणं, मग काय विचारता. जिथे जाईन तिथे शाल. घरातली ट्रंक शालींनी भरली, मग दुसरी घेतली. मनमाडची खोली सोडून आम्ही नाशिकला दोन खोल्यांत राहायला गेलो.

दादा मधूनमधून निरोप पाठवायचे. येणाऱ्याजाणाऱ्याबरोबर विचारायचे, बाईनं गाठ मारली का? मी सांगायचे, हो हो, परवाच चाळीसगावला म्हटलं. नवीन गाणी मात्र त्यांनी धाडली नाहीत. नाशिक लांब पडतं, सुट्टी मिळत नाही, असं ते म्हणत असतील असं मी स्वतःला सांगायचे. मग ते रिटायर झाले, तेव्हा सुट्टीचं कारणही उरलं नाही. एक दिवस ते स्वतःच नाशिकला आले. वर बसले नाहीत, दारातच उभे राहिले. म्हणाले, "पोरी, मला एकदा ऐकव. माणसांच्या समोर. मग मी काय मागणार नाय."

इतका साधा माणूस, आणि इतकं साधं मागणं. मला माझीच लाज वाटली. पुढच्या आठवड्यात सिन्नरला विडी कामगारांच्या वस्तीत जयंतीचा कार्यक्रम होता, दुपारी चारचा. मी म्हटलं, दादा, सिन्नरला या. पहिल्या रांगेत बसा. तिथे पूर्ण म्हणते, माझ्या लेकराची शप्पथ. या वेळी मी खरंच म्हणणार होते. ते एवढ्यासाठी सांगते की पुढे जे झालं त्यात माझं मन साफ नव्हतं असं कुणी समजू नये. त्या दिवसापुरतं तरी साफ होतं.

सिन्नरला जाताना जीपमध्ये मी सुदामला सांगितलं, आज पाच कडवी. त्यानं ढोलकीवाल्याला सांगितलं. मग थोड्या वेळानं मला म्हणाला, लोकांना चारचीच सवय झालीय, बघ बाई. मी त्याला गप्प केलं.

मंडप मोठा होता. उन्हानं ताडपत्री तापलेली, खाली पोराबाळांसकट बायका दाटीवाटीनं बसलेल्या, बऱ्याच जणी विड्यांची सुपं मांडीवर घेऊनच आलेल्या. कार्यक्रम ऐकता ऐकता त्यांची बोटं विड्या वळत होती. दादा दुसऱ्या रांगेत होते. पांढरा पायजमा, पांढरा सदरा, गळ्यात निळा रुमाल. रिकामे हात कुठे ठेवावेत ते त्यांना कळत नव्हतं. मला बघून त्यांनी मान हलवली.

आमच्या कार्यक्रमात आणखी एक रिवाज असतो. गाणं आवडलं की श्रोते बक्षीस देतात. उठून येतात, पेटीवर नोट ठेवतात, आणि मग त्यांचं नाव माइकवर घ्यावं लागतं. नुसतं घेऊन भागत नाही, चालू गाण्यात गुंफावं लागतं. लोकांना त्याची फार हौस. दहा रुपयांत नाव, वीस रुपयांत आडनाव, पन्नास दिले की गावासकट, असं आम्ही आपसात हसायचो. मी त्यात पटाईत होते. कुठलंही नाव कुठल्याही चालीत बसवायचे, देणारा खूश, त्याचा भाऊबंद जळून दुसरी नोट घेऊन यायचा. त्या दुपारीही पहिल्या तासात बारा-पंधरा नावं मी गुंफली होती. लोक रंगात आले होते.

मग मी आईचं गाणं घेतलं. पहिल्या ओळीलाच मंडप शांत झाला. दुसऱ्या ओळीपासून बायका माझ्याबरोबर म्हणायला लागल्या. त्यांना शब्दन् शब्द पाठ होता. श्वास मी कुठे घेते तेसुद्धा पाठ होतं. तिसऱ्या कडव्याला पदर डोळ्यांना लागले. दादांनी डोळे मिटले होते, आमच्या उंबऱ्यात बसून मिटायचे तसे, आणि ओठ हलत होते. चौथं कडवं संपलं. मंडपातले लोक टाळ्या वाजवायला लागले, शिट्ट्या झाल्या, कारण कॅसेटमध्ये गाणं तिथेच संपतं. मी हात वर केला. ढोलकी चालूच राहिली.

पगार झाला पहिला, पाय करिती घाई घाई.

टाळ्या थांबल्या. बायका एकमेकींकडे बघायला लागल्या, कारण त्यांना पुढे म्हणता येईना.

गेणूनं आणली शाल.

"हा गेणू कोन?" मागून एका पोरसवदा माणसानं विचारलं. दुसरा कुणीतरी म्हणाला, कोन म्हंजे, दहा रुपयेवाला असंल. सगळा मंडप हसला. मी ओळ पुरी केली, पांघरायला आई नाही, पण ते हसण्यात बुडालं. मी कडवं दुसऱ्यांदा उचललं, वाटलं शांत होतील. तेव्हा पुढच्या रांगेतली एक बाई उठली. साठीची असेल, गाणं ऐकून रडत होती, गाल अजून ओले होते. तिनं सूप बाजूला ठेवलं आणि मला म्हणाली, "बाई, दुसऱ्या गान्यांत काय घालायची ती नावं घाला. आईच्या गान्यात तरी नका घालू. पैशासाठी इतकं खाली पडू नये मान्सानं."

मग सगळेच बोलायला लागले. आईचं गाणं बाटवलं म्हणाले. चांगल्या गाण्याची माती केली म्हणाले. कोण हा गेणू, दाखवा तरी, असा गलका झाला. कार्यकर्ते उठले आणि सुदामच्या कानाशी लागले, गाणं आवरा, पब्लिक बिघडेल. मागून कुणीतरी ओरडलं, पैसे परत करा त्याचे.

मी गाणं सोडलं. पेटी थांबली, ढोलकी थांबली. मी दुसऱ्या रांगेकडे बघितलं. दादा हळूहळू मागे वळून त्या सगळ्या लोकांचे चेहरे बघत होते. ज्यांच्यासाठी त्यांनी गाणं बांधलं होतं, तीच ही माणसं. त्यांच्या आईसारख्याच बायका. आणि त्या त्यांच्यावरच चिडल्या होत्या, त्यांच्या आईची बाजू घेऊन.

ते उठले. मला वाटलं निघाले. पण ते स्टेजकडे आले, गुडघ्यावर हात देऊन पायरी चढले. सदऱ्याच्या वरच्या खिशात हात घातला. दहाची नोट होती, चार घड्या घातलेली, बहुतेक परतीच्या भाड्याची. ती त्यांनी उलगडून सुदामच्या पेटीवर ठेवली. मग लोकांकडे वळून, हात जोडून, चांगल्या मोठ्या आवाजात म्हणाले, "बाईला बोलू नका. गेणू मीच. म्याच पैसे दिले. म्हाताऱ्याची हौस हाये, म्हनू द्या."

मंडप हसला. पण आताचं हसणं वेगळं होतं, मायेचं. कुणी म्हणालं, बघा, आहे की खरंच दहा रुपयेवाला. कुणी म्हणालं, असू द्या हो, म्हातारं माणूस आहे. ती पुढची बाईसुद्धा पदर तोंडाला लावून हसली आणि खाली बसली. कार्यकर्त्यांचा जीव भांड्यात पडला. नोट पेटीवर, देणारा समोर, आणि रिवाजाप्रमाणे आता सगळे माझ्याकडे बघत होते.

इथे एक गोष्ट सांगायलाच पाहिजे. आतापर्यंत मी ती चुकवली.

ते कडवं कंपनीनं कापलं नव्हतं. रेकॉर्डिंगच्या दिवशी मालक एवढंच म्हणाले होते की गाणं दीड मिनिट लांबतंय, एक कडवं काढा. कुठलं काढायचं ते तुम्ही ठरवा बाई, मला त्यातलं काय कळतं. पाच कडवी होती. शिपायाचं काढता आलं असतं, ते तसंही कमजोर होतं, दादांनाही कधी मनापासून आवडलं नव्हतं. मी म्हटलं, शेवटचं काढा. सुदाम पेटीवरून वर बघायला लागला. मी त्याच्याकडे बघितलं नाही. शेवटच्या कडव्यात नाव होतं, नाव निघालं की गाणं मोकळं होणार होतं, आणि मोकळं गाणं ज्याच्या गळ्यात त्याचं. मग मालकांनी कागदावर छापायला विचारलं, गीतकार कोण लिहू? मी म्हटलं, माझंच लिहा, सगळं माझ्याच वहीत आहे. हेही खरंच होतं. वहीत सगळं माझ्याच अक्षरात होतं. त्या वेळी मला ते पटलंही, इतकं की परतीच्या एसटीत मला शांत झोप लागली.

तर सिन्नरच्या त्या मंडपात माइक माझ्या हातात होता. एक वाक्य बोलायचं होतं. बंधुभगिनींनो, ही शाल ह्यांनी आणली होती, ही आई ह्यांची, हे गाणं ह्यांचं. दादा माझ्यापासून दोन हातांवर उभे होते. त्यांनी माझ्याकडे बघितलं नाही, मला अडवलंही नाही. ते नुसते वाट बघत उभे होते, नाव घेतलं की खाली उतरायचं म्हणून. आणि समोर सातशे-आठशे माणसं होती, त्यातल्या बायका मला आपली समजत होत्या, माझ्या आईसाठी रडल्या होत्या. मला वाटलं, बोलले तर संपले. मनमाडची खोली डोळ्यांसमोर आली, तिथला नळ, तिथली रांग.

मी म्हटलं, "मनमाडचे गेणू केदारे यांच्याकडून दहा रुपये बक्षीस. पार्टी त्यांची आभारी आहे."

टाळ्या पडल्या. दादांनी लोकांना जयभीम केला, मग सुदामला, मग मला. पायरी उतरले आणि आपल्या जागी जाऊन बसले. कार्यक्रम आणखी दीड तास चालला, ते शेवटपर्यंत बसून होते. मधूनच उठून गेले असते तर लोकांना शंका आली असती, हे त्यांना माझ्याआधी कळलं असणार. संपल्यावर मी त्यांना शोधलं तर ते एसटीच्या रस्त्याला लागले होते. सुदाम त्यांच्यामागे जीप घेऊन गेला. ते बसले नाहीत, चालतच जाणार म्हणाले. सुदाम परत आला आणि चार दिवस माझ्याशी बोलला नाही. पाचव्या दिवशी बोलला, कारण पुढचा कार्यक्रम होता.

दादा त्यानंतर अकरा वर्षं जगले. मी मनमाडला तीनदा गेले, तिन्ही वेळा त्यांच्या गल्लीच्या तोंडापर्यंत जाऊन परत फिरले. ते गेल्याचं कळलं तेव्हा मात्र जलदान विधीला गेले. घरात सून होती, सिंधू नावाची, शांत बाई. तिनं मला ओळखलं, आत बसवलं, पाणी दिलं. तिच्या बोलण्यात कसलीच अढी नव्हती. म्हणजे दादांनी घरात काही सांगितलंच नव्हतं.

मी धीर करून विचारलं, नंतर काही गाणी बांधली का त्यांनी? दुसऱ्या कुणाला दिली का?

"दिली नाय कुनालाच. पन बांधत व्हते," सिंधू म्हणाली. "वट्ट्यावर बसायचे, मांडीवर थाप मारायचे, ओठ हलायचे. दिवसदिवस. आवाज नाय. मी म्हनायची, बाबा, मोठ्यानं म्हना ना, मी लिहून घेते, मला येतं लिहिता. तर म्हनायचे, नको पोरी. लिहिलं की ते लिहिनाऱ्याचं व्हतं."

तिनं मला चहा केला. मी तो प्यायले. शेवटच्या दिवसापर्यंत ओठ हलत होते, असं ती म्हणाली.